आइस्लर, हान्स
आइस्लर, हान्स : (६ जुलै १८९८–६ सप्टेंबर १९६२). जर्मन भाषिक प्रदेशातील एक श्रेष्ठ संगीतकार व चित्रपटसंगीताचा मूलगामी विचारवंत. जन्म लाइपसिक येथे. वडील रूडोल्फ आइस्लर हे ज्यू वंशाचे ऑस्ट्रियन तत्त्वज्ञ व तत्त्वज्ञानकोशाचे कर्ते, तर आई लाइपसिकमधील एका खाटकाची मुलगी. १९०१ मध्ये हे कुटुंब व्हिएन्नास स्थायिक झाले. गीते, समूहगाने, नाट्यसंगीत, वाद्यवृंदरचना असे विपुल लेखन आइस्लरने केले. तथापि त्यात चाळीसच्या आसपास चित्रपटांना त्याने दिलेल्या संगीताचे स्थान विशेष महत्त्वाचे आहे. पडद्यावर जे दिसते तेच पुन्हा सुरांत सांगणे हे संगीताचे काम नव्हे. दृश्यावर भाष्य करणे, प्रसंगी त्याच्या विरुद्ध उभे राहणे हे त्याचे काम होय, अशी त्याची भूमिका होती. ही भूमिका त्याने वायमार प्रजासत्ताकातील कामगार चित्रपट, अमेरिकेतील संशोधन प्रकल्प, हॉलिवुडचे व्यावसायिक बोलपट आणि पूर्व जर्मनीची सरकारी चित्रपटसंस्था अशा परस्परांहून अगदी भिन्न परिस्थितींत अजमावून पाहिली. त्या त्या ठिकाणी तिला कितपत वाव मिळाला, यावरच त्याच्या चित्रपटसंगीताचे यशापयश अवलंबून राहिले.

पहिल्या महायुद्धात ऑस्ट्रिया-हंगेरीच्या सैन्यात असताना तो जखमी झाला होता. युद्धसमाप्तीनंतर १९१९ ते १९२३ या काळात त्याने आर्नोल्ट शोनबेर्ग यांच्याकडे रचनाशास्त्राचे शिक्षण घेतले. शिष्याची हलाखी पाहून गुरूने त्याच्याकडून फी घेतली नाही. त्याची पहिली पियानो सोनाटा (१९२३) शोनबेर्ग यांनाच अर्पण केलेली आहे. १९२५ मध्ये त्याला व्हिएन्ना शहराचे कलापारितोषिक मिळाले आणि त्याच वर्षी तो बर्लिनला गेला. थोरली बहीण एल्फ्रीड (राजकारणातील नाव रूट फिशर) व भाऊ गेरहार्ट हे दोघेही साम्यवादी चळवळीत पुढे आलेले होते. हान्सने १९२६ मध्ये जर्मन साम्यवादी पक्षाच्या सदस्यत्वासाठी अर्ज केला. पण पुढे वर्गणी न भरल्यामुळे ते सदस्यत्व नाममात्रही राहिले नाही. या क्षुल्लक वाटणाऱ्या तपशिलाला वीस वर्षांनंतर फार मोठी किंमत आली. नवसंगीत मूठभर जाणकारांपुरते उरले आहे, या त्याच्या तक्रारीवरून गुरुशिष्यांचे बिनसले. त्यानंतर तो कामगारांच्या गायकवृंदांसाठी व प्रचारपथकांसाठी रचना करू लागला. १९२९ पासून एर्न्स्ट बुश या गायक-नटाच्या खड्या आवाजात त्याची गीते जर्मनीभर पसरली. बेर्टोल्ट ब्रेख्ट या नाटककाराशी जमलेला त्याचा स्नेहही याच सुमाराचा असून तो ब्रेख्टच्या मृत्यूपर्यंत (१९५६) टिकला.

मूकपटाच्या काळात चित्रपटगृहातील वादक तयार तुकड्यांच्या संग्रहांवर गुजराण करीत. बर्लिनमध्ये १९१९ पासून प्रसिद्ध होऊ लागलेल्या ज्यूझेप्पे बेच्चे याच्या अशाच एका संग्रहात वादळ, पाठलाग, विरह अशा भावप्रसंगांनुसार वर्गवारी केलेले संगीत छापलेले असे. आइस्लरच्या चित्रपटसंगीतामागील रोख या सवयीविरुद्ध होता. वाल्टर रूटमान याच्या ओपुस ३ या अमूर्त चित्रपटाला त्याने १९२७ च्या बाडेन-बाडेन संगीतमहोत्सवासाठी संगीत दिले. खरी संधी मात्र बोलपट आल्यावर मिळाली. व्हिक्टर ट्रिव्हास याच्या नीमान्ट्सलांट (१९३१) या युद्धविरोधी चित्रपटातील एक प्रसंग या दृष्टीने नमुनेदार आहे. १९१४ मध्ये एका जर्मन सुताराला सैन्यात दाखल होण्याचा हुकूम येतो. तो हत्यारांची पेटी बंद करतो आणि बायकामुलांसह छावणीकडे निघतो. आरंभी सगळ्यांची पावले जड आहेत, संगीतही मरगळलेले आहे. मग त्यात हळूहळू संचलनाचा ठेका शिरतो, पुरुषांच्या चालीत लष्करी ताठा येतो, बायकामुलेही तोल विसरून पाय आपटू लागतात आणि अखेरीस संगीताला जणू रक्ताची नशा चढते. साध्या माणसांचे सैनिकांत रूपांतर कसे होते, हे येथे संवादांशिवाय केवळ सुरांनी उलगडले आहे. संगीत दृश्यामागून न जाता दृश्यच संगीतामागून ओढले जाते, हे यातले नवे.

स्लाटान डूडोव्ह दिग्दर्शित कूल व्हाम्पे (१९३२) हा वायमार काळातील कामगार चित्रपटांत सर्वांत प्रसिद्ध. पटकथा ब्रेख्ट व एर्न्स्ट ओटव्हाल्ट यांची. निर्मिती करणारी प्रोमेटेउस ही संस्था मध्येच दिवाळखोरीत निघाली व चित्रपट प्रेझेन्स या दुसऱ्या संस्थेने पुरा केला. चित्रपटाच्या आरंभी बर्लिनच्या उपनगरातील पडझडीची, कोंदट घरे दिसतात. अशा दृश्यांना रूढीप्रमाणे करुण सुरावट लावली गेली असती. आइस्लरने तेथे वेगवान, धारदार, ठोस आघातांची बहुस्वरी प्रस्तावना योजली. प्रेक्षकाने या घरांकडे पाहून हळहळू नये, चिडावे हा हेतू. सायकलींवरून कामाच्या शोधात वणवण फिरणारे तरुण, काम न मिळाल्याने हातातले घड्याळ काढून ठेवून खिडकीतून उडी टाकणारा मुलगा आणि पुढे कामगारांच्या क्रीडामेळाव्यात गाइले जाणारे एकजुटीचे गीत यांतून चित्रपटाचा सूर निराशेकडून निर्धाराकडे वळतो. अध्यक्ष, न्यायसंस्था व धर्म यांचा उपमर्द होतो या कारणाने मार्च १९३२ मध्ये त्यावर बंदी आली. काटछाट केल्यावर मे महिन्यात तो बर्लिनमध्ये प्रदर्शित झाला आणि १९३३ मध्ये नाझी सत्तेवर येताच पुन्हा बंद झाला. एकजुटीचे गीत मात्र चित्रपटाच्या आधीच्या व नंतरच्या सर्व बंद्या पार करून युरोपभर गाइले गेले.

योरिस इव्हेन्स या डच अनुबोधपटकाराशी आइस्लरचे सहकार्य याच सुमारास सुरू झाले. इव्हेन्सच्या मॅग्निटोगॉर्स्कच्या पोलाद कारखान्यावरील चित्रपटासाठी (१९३२) तो सोव्हिएट रशियात गेला. न्यूव्हे ग्रोंडेन (१९३३) हा झाउडर झी या सागरी भागातून जमीन मिळविण्याच्या डच प्रकल्पाविषयीचा अनुबोधपट. त्यात वीस कामगार एक अजस्र पोलादी नळ वाकलेल्या खांद्यांवर वाहून नेतात असे दृश्य आहे. संगीत त्या ओझ्याचे वर्णन करीत नाही. कष्टाचा उदासपणा ओलांडून ते कामगारांच्या परस्परांवरील विश्वासाला गंभीर, उदात्त रूप देते.

१९३३ नंतर आइस्लरला जर्मनीची दारे बंद झाली. पॅरिस, लंडन, कोपनहेगन, मॉस्को अशी भटकंती करीत त्याने मिळेल ते काम केले. झाक फेदे याचा ल ग्रां झ (१९३४) आणि लंडनमध्ये निघालेला अब्दुल द डॅम्ड (१९३५) हे या काळातील चित्रपट. ते त्याला उपजीविका देऊन गेले, याहून अधिक सांगण्यासारखे त्यांत थोडे आहे. १९३८ मध्ये तो अमेरिकेत गेला. चीनवरील जपानी आक्रमणाविषयीच्या इव्हेन्सच्या द फोर हंड्रेड मिल्यन (१९३९) या अनुबोधपटात त्याने शोनबेर्ग यांची द्वादशस्वर पद्धती वापरली. जी पद्धती सामान्य श्रोत्याला अगम्य म्हणून त्याने एकेकाळी बाजूला सारली होती, तीच चित्रपटात सहज स्वीकारली जाते, असे त्याच्या लक्षात आले. दृश्याचा आधार असला की अनोळखी सुरांचे भय उरत नाही, हा या कामातून त्याला लागलेला शोध होय.

न्यूयॉर्कच्या न्यू स्कूल फॉर सोशल रिसर्च या संस्थेत १९४० मध्ये त्याला चित्रपटसंगीताच्या अभ्यासासाठी रॉकफेलर प्रतिष्ठानाचे सुमारे २०,००० डॉलरचे अनुदान मिळाले. निर्माता, तारखा व तिकिटबारी यांच्या कचाट्यातून सुटून एकाच दृश्याला निरनिराळे संगीत लावून पाहण्याची ही दुर्मिळ सवड होती. हिमनद्यांविषयीच्या व्हाइट फ्लड (१९४०) या अनुबोधपटाच्या संगीतातून त्याची चेंबर सिंफनी सिद्ध झाली. तीत विजेवर चालणारी त्या वेळची नवी वाद्येही आहेत. इव्हेन्सच्या रेगेन (१९२९) या ॲम्स्टरडॅममधील पावसावरच्या जुन्या मूकपटाला त्याने १९४१ मध्ये नव्याने संगीत दिले. बासरी, क्लॅरिनेट, व्हायोलिन (व व्हिओला), चेलो आणि पियानो एवढ्याच वाद्यांसाठी लिहिलेल्या या रचनेचे नाव ‘पावसाचे वर्णन करण्याच्या चौदा रीती’ असे आहे. तिच्यात थेंबांच्या टपटपीची हुबेहूब नक्कल आहे आणि पावसाशी काहीच संबंध नसलेली, स्वतःशीच खिन्न झालेली वळणेही आहेत. शोनबेर्ग यांच्या सत्तराव्या वाढदिवसानिमित्त त्याने ती गुरूला अर्पण केली. आइस्लरच्या वाद्यसंगीतातील ही बहुधा सर्वांत उत्कृष्ट रचना होय. एका चित्रपटाच्या निमित्ताने ती जन्मास आली, ही गोष्ट चित्रपटसंगीताला दुय्यम मानणाऱ्यांनी ध्यानात घेण्यासारखी आहे.

एप्रिल १९४२ मध्ये तो हॉलिवुडला गेला. तेथे ब्रेख्ट, शोनबेर्ग, टोमास मान, टेओडोर आडोर्नो असे जर्मन निर्वासितांचे मोठे वर्तुळ होते. फ्रिट्स लांग याच्या हँगमेन ऑल्सो डाय! (१९४३) या चित्रपटाची मूळ कथा ब्रेख्ट व लांग यांची होती. प्रागमधील नाझी अधिकारी हायड्रिख याच्या हत्येवर ती आधारलेली आहे. त्यात जखमी हायड्रिख मरणपंथाला लागला असल्याचे एक लहान दृश्य आहे. रुग्णालय, मोडलेला कणा, रक्त चढविण्याची नळी. मरणाचे दृश्य म्हटले की सुरांना गहिवर येणारच. परंतु येथे तो आला असता, तर प्रेक्षकाची सहानुभूती जल्लादाकडे वळली असती. आइस्लरने तेथे अत्यंत उंच पट्टीतील कर्कश, झगझगीत असा काही सेकंदांचा तुकडा योजला. मरतो आहे तो वीर नव्हे, एक उंदीर आहे, हे त्या काही सेकंदांत स्पष्ट होते. चित्रपटाच्या शेवटच्या गीताला त्याने आपल्याच एका जुन्या साम्यवादी गीताची चाल दिली. शब्द अमेरिकन गीतकाराचे असल्याने ही लबाडी कोणाच्या लक्षात आली नाही. या संगीताला व पुढल्या वर्षीच्या नन बट द लोनली हार्ट (१९४४) या चित्रपटाच्या संगीताला ऑस्कर पारितोषिकासाठी नामांकन मिळाले.

हे यश मर्यादितच होते. द स्पॅनिश मेन (१९४५) सारख्या चाचेगिरीच्या चित्रपटात दृश्याशी वाद घालणारे संगीत कोणाला हवे असणार? तेथे आइस्लरने तुताऱ्या व झांजा वाजविल्या आणि मोबदला घेतला. डग्लस सर्क याचा अ स्कँडल इन पॅरिस (१९४६) आणि झां रन्वार याचा द वूमन ऑन द बीच (१९४७) या चित्रपटांत त्याला थोडी अधिक मोकळीक लाभली. जगण्यासाठी स्टुडिओत आणि स्वतःसाठी घरी असे त्याचे दुहेरी लेखन चालू होते. १९४२-४३ मध्ये रचलेला ‘हॉलिवुड गीतसंग्रह’ हे या दुसऱ्या लेखनाचे फळ. त्यातील गीते बहुतांशी ब्रेख्टच्या कवितांवर आधारलेली असून विसाव्या शतकातील जर्मन गीतसंगीतात त्यांची गणना अग्रभागी होते.

न्यूयॉर्कच्या संशोधनाचे निष्कर्ष कॉम्पोझिंग फॉर द फिल्म्स (१९४७) या ग्रंथात आले आहेत. तो आडोर्नोच्या सहकार्याने लिहिलेला होता. परंतु आइस्लर बंधूंभोवती उठलेल्या राजकीय वादळात सापडू नये म्हणून आडोर्नोने आपले नाव काढून घेतले. व्यक्तिगणिक ठरावीक सूचक सुरावट, गोडव्याचा हव्यास, ‘संगीत ऐकू येता कामा नये’ हा दंडक, सागर दिसला की नावाड्यांचे गाणे आणि चीन दिसला की पंचस्वरी सुरावट यांसारख्या सवयींचा ग्रंथात पद्धतशीर समाचार घेतला आहे. सूचक सुरावटीवरील आक्षेप विशेष मर्मग्राही आहे. वॅग्नरच्या प्रदीर्घ संगीतिकेत तिला वाढायला विस्तार असतो. तुकड्यातुकड्यांच्या चित्रपटात ती केवळ पात्राच्या आगमनाची वर्दी देणारा हुजऱ्या बनते. अल्यिक्सांद्र न्येफ्स्की (१९३८) या चित्रपटात दृश्याची रेषा व सुरावटीची रेषा तंतोतंत जुळते, असे आइझेनस्टाइनने आकृती काढून दाखविले होते. तेही लेखकांनी अमान्य केले. सुरावटीच्या चढउताराचे कागदावरील चित्र म्हणजे संगीत नव्हे, हे त्यांचे म्हणणे आजही खोडून काढणे कठीण आहे. ग्रंथाचा सूर मात्र पुष्कळदा अकारण तुच्छतेचा आहे. सिटिझन केन (१९४१) या चित्रपटाला बर्नार्ड हेरमान याने दिलेले संगीत पाहता हॉलिवुडवरील आरोप सरसकट लागू होत नव्हते. शिवाय ग्रंथकाराचे स्वतःचे तेथील सगळेच काम ग्रंथातील कसोट्यांना उतरणारे नव्हते.

ग्रंथ प्रसिद्ध झाला त्याच वर्षी अमेरिकन प्रतिनिधिगृहाच्या अमेरिकाविरोधी कारवायांच्या चौकशी समितीने आइस्लरला पाचारण केले. बहीण रूट फिशर साम्यवादाची कट्टर विरोधक झाली होती. तिने दोन्ही भावांविरुद्ध जाहीर आरोप केले. २४ ते २६ सप्टेंबर १९४७ असे तीन दिवस वॉशिंग्टनला सुनावणी चालली. प्रवेशपरवाना मिळविताना त्याने पक्षसदस्यत्व लपविले का, हा मुख्य मुद्दा. १९२६ चा तो अर्ज येथे पुढे आला. आपण अर्ज केला होता, पण पक्षाचे काम कधी केले नाही, असे उत्तर आइस्लरने दिले. स्वतःचे लेखी निवेदन वाचण्याची परवानगी त्याला मिळाली नाही. अध्यक्ष रूझवेल्ट यांच्या पत्नी एलिनोर यांनी त्याच्या परवान्यासंबंधीची पत्रे परराष्ट्र खात्याकडे धाडली होती, हेही उकरून काढण्यात आले. चौकशीचा खरा नेम कोठवर होता, हे यावरून ध्यानात येते. चार्ली चॅप्लिन, आइन्स्टाइन व टोमास मान यांनी त्याची बाजू घेतली. पिकासो, मातीस, कॉक्तो यांसारखे फ्रेंच कलावंतही पाठीशी उभे राहिले. फेब्रुवारी १९४८ मध्ये न्यूयॉर्कच्या टाउन हॉलमध्ये त्याच्या रचनांचा निरोपाचा कार्यक्रम झाला. एरन कोपलंड व लेनर्ड बर्नस्टाइन हे त्याच्या पुरस्कर्त्यांपैकी होते. २६ मार्च १९४८ रोजी आइस्लरने अमेरिका सोडली. चित्रपटसंगीतावर अमेरिकेत एवढा गंभीर ग्रंथ लिहिणाऱ्याला तेथील चित्रपटसृष्टीत त्यानंतर काम मिळण्याचा प्रश्नच उरला नाही.

व्हिएन्नामार्गे तो पूर्व बर्लिनला गेला. योहानेस बेखर याच्या गीताला त्याने दिलेली चाल १९४९ मध्ये पूर्व जर्मनीचे राष्ट्रगीत ठरली. डेफा या तेथील चित्रपटसंस्थेसाठी त्याने डूडोव्हच्या उन्झर टेग्लिख ब्रोट (१९४९) आणि रसायन उद्योग व नाझी यांच्या साटेलोट्यावरील कुर्ट मेट्झिग दिग्दर्शित देर राट देर ग्योटर (१९५०) यांना संगीत दिले. परंतु येथेही वाव अपेक्षेपेक्षा अरुंदच निघाला. समाजवादी वास्तववादाच्या नावाखाली गोड, सुबोध, उत्साहवर्धक संगीताची मागणी होऊ लागली. हॉलिवुडची मागणी याहून फार वेगळी नव्हती. योहान फाउस्टुस या नियोजित संगीतिकेची संहिता त्याने १९५२ मध्ये प्रसिद्ध केली. जर्मन बुद्धिजीवींनी शेतकऱ्यांच्या बंडाशी केलेला द्रोह हा तिचा विषय होता. राष्ट्रीय वारशाचा अपमान केल्याचा ठपका ठेवून १९५३ मध्ये कला अकादमीत व पक्षाच्या मुखपत्रात तिच्यावर कठोर टीका झाली. आइस्लर खचून व्हिएन्नाला निघून गेला. पुढे परतला, पण त्या संहितेला संगीत त्याने कधीच दिले नाही.

त्याच्या चित्रपटसंगीताचा उत्कर्ष झाला तो फ्रान्समध्ये. आलँ रेने याने नाझी छळछावण्यांविषयी नुई ए ब्रुयार (‘रात्र आणि धुके’, १९५६) हा ३२ मिनिटांचा अनुबोधपट केला. निवेदन झां केरोल या छावणीतून वाचलेल्या लेखकाचे आहे. आउश्वित्समधील तेव्हाचे हिरवे गवत व ओस पडलेल्या इमारती यांची रंगीत दृश्ये आणि जुनी कृष्णधवल चित्रणे यांची त्यात गुंफण आहे. श्रेयनामावलीवर तंतुवाद्यांची एक दीर्घ, संथ सुरावट येते. ती आइस्लरने बेखरच्या विंटरश्लाख्ट या नाटकासाठी पूर्वी रचलेल्या संगीतातून घेतली होती. नाझींच्या चढत्या सत्तेची दृश्ये येतात तेव्हा नगारे व तुताऱ्यांऐवजी तारा छेडल्याचे तुटक, कोरडे आवाज ऐकू येतात. दृश्य जसजसे भीषण होत जाते तसतसे संगीत विरळ व मृदू होते. प्रेतांचे ढीग यंत्राने लोटले जात असताना रडविणारे संगीत लावणे म्हणजे प्रेक्षकाला अश्रूंतून सुटका देणे होय. आइस्लर ती सुटका देत नाही. मृतांविषयीचा आदर व जिवंतांविषयीचा संशय हे दोन्ही त्या मोजक्या सुरांत आहेत. १९३२ मध्ये झोपड्यांच्या दृश्यांवर जे तत्त्व त्याने वापरले तेच हे. मात्र तेथे त्याने आवाज चढविला होता, येथे उतरविला. पश्चिम जर्मन सरकारच्या आक्षेपामुळे हा चित्रपट कॅन महोत्सवाच्या स्पर्धेतून वगळण्यात आला. त्याच्या निवेदनाचा जर्मन अनुवाद पाउल त्सेलान या कवीने केला.

उत्तरायुष्यात आइस्लरने रेमों रूलो याच्या ले सोर्सिएर द सालेम (१९५७) सारख्या काही चित्रपटांना संगीत दिले. पूर्व जर्मन दूरचित्रवाणीसाठी वाल्टर हाइनोव्हस्की याने केलेल्या आक्ट्सिओन जे (१९६१) या अनुबोधपटाचे संगीतही त्याचेच. न्युरेंबर्ग वंशकायद्यांचा भाष्यकार ग्लोब्के पश्चिम जर्मनीच्या चॅन्सेलरच्या कार्यालयात उच्चपदी होता. त्याविषयीचा हा पुरावापट होय. १९३५ पासून घडत आलेल्या त्याच्या डॉइच सिंफोनी या नाझीविरोधी महारचनेचा पहिला संपूर्ण प्रयोग १९५९ मध्ये बर्लिनला झाला. ‘गंभीर गीते’ ही १९६२ मध्ये पुरी केलेली माला अखेरची ठरली. पूर्व बर्लिन येथे त्याचे निधन झाले. ब्रेख्टची समाधी आहे त्याच डोरोटेएनश्टाट दफनभूमीत त्याचे दफन झाले. बर्लिनच्या संगीत महाविद्यालयाला १९६४ मध्ये त्याचे नाव देण्यात आले. त्याने चाल दिलेल्या राष्ट्रगीतात अखंड जर्मनीचा उल्लेख असल्याने १९७० नंतरच्या दशकात ते शब्दांविना नुसते वाजविले जाऊ लागले आणि १९९० मध्ये त्या राष्ट्राबरोबरच प्रचारातून गेले. चित्रपटसंगीतावरील ग्रंथाची जर्मन आवृत्ती १९४९ मध्ये काही फेरफारांसह पूर्व बर्लिनमध्ये निघाली होती. मूळ पाठ दोन्ही लेखकांच्या नावांनी आडोर्नोने १९६९ मध्ये म्यूनिक येथे प्रसिद्ध केला, तेव्हा आइस्लरला जाऊन सात वर्षे झाली होती.